आपल्याच माणसांवर फिल्म करताना : वाचकांचे प्रश्न

आपण कुठले, आपलं गाव कोणतं, घरात बोलतो ती भाषा कुणाची, अशा प्रश्नांवर स्वतःच्या हिमतीने छोटी फिल्म करू पाहणाऱ्या वाचकांची बरीच पत्रं जमली आहेत. त्यातले सात प्रश्न इथे घेतले आहेत. उत्तरं माहितीपटांचं दिग्दर्शन, ध्वनिमुद्रण आणि संकलन करणाऱ्या आमच्या सल्लागारांनी मिळून लिहिली आहेत. पत्रलेखकांची नावं त्यांच्या इच्छेवरून दिलेली नाहीत.

प्रश्न : माझे आईवडील दरवर्षी बीड जिल्ह्यातून ऊसतोडीला जायचे. मी वसतिगृहात राहून शिकलो, आता पुण्यात नोकरी करतो. गावात मी पुण्याचा आणि पुण्यात बीडचा. यावर तीस-चाळीस मिनिटांची फिल्म करायची आहे. विषय ‘ओळख’ हा पक्का आहे, पण शूट नेमकं काय करायचं ते सुचत नाही. (वाचक, पुणे)

‘ओळख’ शूट करता येत नाही, म्हणूनच सुचत नाही. माणूस काय करतो, कुठे थांबतो, त्याला कोण कशी हाक मारतं, कोणत्या कागदावर त्याचं कोणतं गाव लिहिलं आहे, हे शूट करता येतं. त्यामुळे कॅमेरा उचलण्याआधी एक प्रश्न ठरवा, आणि तो असा असू द्या की उत्तरासाठी तुम्हाला कुठेतरी जावंच लागेल. ‘मी कुठला?’ या प्रश्नावर माणूस खुर्चीत बसून बोलत राहतो. ‘मी वसतिगृहात होतो तेव्हा आईवडील कोणत्या कारखान्याच्या हद्दीत, कोणाच्या फडात (उसाच्या रानात), कुठे कोपी (पाचटाची झोपडी) टाकून राहिले, आणि तिथे आज त्यांना कोण ओळखतं?’ हा प्रश्न घेतलात तर आई सोबत येईल, रस्ता शोधावा लागेल, फडमालक भेटेल किंवा भेटणार नाही. दोन्हींत फिल्म आहे.

वेळापत्रक मात्र गळीत हंगाम ठरवतो, तुम्ही नाही. हंगाम साधारण ऑक्टोबर-नोव्हेंबरला सुरू होतो आणि मार्च-एप्रिलपर्यंत चालतो. तीन फेऱ्या धरा. पहिली दसरा-दिवाळीच्या सुमाराची, गाड्या भरून गावं निघतात तेव्हाची. चार-पाच दिवस पुरतात. दुसरी डिसेंबर-जानेवारीत फडावर, किमान आठ दिवस, कारण पहिले तीन दिवस लोक कॅमेऱ्याकडेच बघत असतात आणि ते फूटेज बहुतेक वापरता येत नाही. तिसरी फेरी परतीची. ही फेरी बहुतेक जण टाळतात, आणि आमच्या मते सगळ्यांत जास्त काही तिथेच घडतं : मजुरांची टोळी नेणाऱ्या मुकादमाकडे हिशेब होतो, खाडे कापले जातात, उचल (हंगामाआधी घेतलेली आगाऊ रक्कम) फिटली की पुढच्या वर्षावर गेली ते कळतं, सहा महिने कुलूप असलेलं घर उघडलं जातं. याशिवाय जानेवारीत एक दिवस गावातही शूट करा. मागे राहिलेली म्हातारी माणसं आणि शाळकरी मुलं, हीच तुमच्या लहानपणाची जागा आहे.

फडावरच्या काही अडचणी आधीच माहीत असलेल्या बऱ्या. तोड पहाटे अंधारात सुरू होते, गाडी कधी रात्री दोनला लागते. एफ १.८ किंवा त्याहून उघडी लेन्स असेल तर गाडीच्या दिव्यांत काम भागतं. जास्त उजेड हवाच असेल तर बॅटरीवरचा छोटा एलईडी दिवा गाडीच्या मागे, लांब ठेवा. त्यामुळे माणसांच्या कडा दिसतात. समोरून दिवा मारलात तर मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून चढणाऱ्याच्या डोळ्यांवर उजेड येतो आणि तो पडू शकतो. पाचटाची धूळ लेन्सच्या कड्यात बसते, म्हणून लेन्सवर यूव्ही फिल्टर आणि खिशात ब्लोअर ठेवा. कोपीत वीज नसते. थंडीत बॅटरी लवकर उतरते, तेव्हा नेहमीच्या दुप्पट बॅटऱ्या घ्या आणि चार्जिंगसाठी जवळच्या दुकानदाराशी आधीच बोलून ठेवा. ट्रॅक्टरवर मोठ्याने गाणी चालू असतात. ती संवादाखाली एकदा मुद्रित झाली की नंतर वेगळी काढता येत नाहीत, आणि गाण्याच्या हक्काचा प्रश्न येतो तो वेगळाच. बोलणं चालू असेपर्यंत टेप बंद ठेवायला ड्रायव्हरला सांगा, बहुतेक जण ऐकतात.

एक कोयता म्हणजे नवरा-बायको मिळून एक जोडी, आणि मजुरी तोडलेल्या वजनावर. कुणाला मुलाखतीसाठी अर्धा तास बसवलंत तर त्या जोडीचा तेवढा ऊस कमी पडतो. मुलाखती संध्याकाळी स्वयंपाकाच्या वेळी, काम करता करताच घ्या. बोलण्याचे पैसे देऊ नका, पण तुमच्यामुळे मजुरी बुडाली तर ती भरून द्या, सगळ्यांना एकाच हिशेबाने आणि आधी सांगून. उचल किती, मुकादम कसा वागतो, असे प्रश्न फडावर आणि मुकादमासमोर विचारू नका. तुम्ही निघून याल, माणूस तिथेच राहणार आहे. ते प्रश्न परतीनंतर, घरी.

आणि स्वतःलाही एक माइक लावा. आई उत्तर देते ते मुलाला देते. तुमचा आवाज लांबून, पोकळ आला तर संकलनात तो कापावा लागतो आणि तिचं बोलणं हवेत बोलल्यासारखं वाटतं.

प्रश्न : आजोबा गिरणी कामगार होते, १९८२ च्या संपानंतर पुन्हा गिरणीत गेले नाहीत. लालबागच्या चाळीतल्या घरात त्यांच्याशी मोबाइलवर चार तास बोललो. पंखा, फ्रिज, रस्ता सगळं ऐकू येतं, आणि वेगळ्या रेकॉर्डरवरचा आवाज हळूहळू ओठांच्या पुढे-मागे होतो. चाळ लवकरच पाडणार आहेत. पुन्हा करायचं तर कमीत कमी काय लागेल? (वाचक, मुंबई)

आवाज पुढे-मागे होण्याचं कारण बहुधा फोनचा फ्रेम रेट. पुष्कळ फोनचा नेहमीचा कॅमेरा उजेडानुसार फ्रेम रेट बदलत राहतो. रेकॉर्डर मात्र एकाच चालीने चालतो. दहा मिनिटांत फरक जाणवायला लागतो. असलेलं फूटेज वाया गेलेलं नाही. हँडब्रेकसारख्या मोफत सॉफ्टवेअरमध्ये ‘कॉन्स्टंट फ्रेम रेट’ निवडून २५ वर बदलून घ्या आणि मग रेकॉर्डरचा आवाज जोडा. पुढच्या वेळी हाताने सेटिंग करता येणारं कॅमेरा ॲप वापरा : २५ फ्रेम, शटर १/५०, एक्स्पोजर आणि व्हाइट बॅलन्स लॉक, फोन फ्लाइट मोडवर. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब आणि स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. शटर १/५० किंवा १/१०० ठेवलं की भिंतीवर सरकणारे पट्टे येत नाहीत.

आवाजासाठी महागडा कॅमेरा लागत नाही, माइक तोंडाजवळ लागतो. साधा वायरचा लॅपल माइक हनुवटीखाली एक वीत अंतरावर, सदऱ्याच्या पट्टीच्या आतून वैद्यकीय चिकटपट्टीने लावा. वायरचा छोटा वेढा करून तोही चिकटवा, म्हणजे ओढ माइकपर्यंत जात नाही. साडी असेल तर पदराखाली लावू नका, पदर सरकला की खरखर येते. ब्लाउजच्या गळ्याच्या कडेला लावा. रेकॉर्डर ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. बोलण्याची उंच टोकं उणे १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या. आजोबा संपाबद्दल बोलताना आवाज चढवणार हे धरून चला. शून्याला टेकून फाटलेला आवाज कुठल्याही सॉफ्टवेअरने परत येत नाही, थोडा हळू आलेला वाढवता येतो. हेडफोन पूर्ण वेळ कानावर.

पंखा बंद करा, फ्रिजही बंद करा. फ्रिज पुन्हा चालू करायची आठवण राहावी म्हणून घराच्या किल्ल्या फ्रिजमध्ये ठेवायची जुनी युक्ती कामाची आहे. खोलीत गोधड्या-चादरी जितक्या असतील तितक्या कॅमेऱ्यामागे टांगा. मुलाखत संपल्यावर सगळ्यांनी गप्प बसून त्याच खोलीचा एक मिनिट आवाज घ्या. कापाकापीच्या जागा भरायला हा ‘रूम टोन’ लागतो, आणि तो दुसऱ्या दिवशी तसाच मिळत नाही.

चाळ पडणार असेल तर आजोबांच्या आधी चाळीचा आवाज घ्या. पाणी आल्यावरची गडबड, गॅलरीतून मारलेल्या हाका, लाकडी जिन्यावरची पावलं, शेजारची आरती : प्रत्येकी पाच मिनिटं, कुणी मध्ये न बोलता, फाइलच्या नावात जागा आणि वेळ लिहून. आजोबांची मुलाखत नव्या घरातही घेता येईल. हे आवाज नंतर मिळणार नाहीत.

प्रश्न : आम्ही तंजावर मराठी कुटुंब. आजीची मराठी तमिळमिश्रित आहे. नातेवाईक म्हणतात, महाराष्ट्रातल्या प्रेक्षकांना कळणार नाही, प्रमाण मराठीत डब कर. काय करावं? (वाचक, चेन्नई)

डब करू नका. आजीची मराठी हाच तुमच्या फिल्मचा पुरावा आहे. व्यंकोजीराजांपासून १८५५ पर्यंत तंजावरात भोसल्यांचं राज्य होतं, आणि त्याच्या मागे राहिलेली ही बोली आजही घरात बोलली जाते. ती काढून टाकली तर पडद्यावर फक्त एक तमिळ घर दिसेल. शिवाय डबिंगमध्ये म्हाताऱ्या माणसाचे श्वास, अडखळणं, मध्येच तमिळकडे वळणं सगळं जातं आणि ओठही जुळत नाहीत.

उपशीर्षकं द्या, आणि द्यायची तर फिल्मभर द्या. फक्त आजीच्या बोलण्याखाली दिली तर तिचंच बोलणं न कळण्यासारखं आहे असा शिक्का बसतो. आधी पूर्ण लिप्यंतर करा, तीन रकान्यांत : वेळ, जसं उच्चारलं तसं, आणि अर्थ. एका तासाच्या मुलाखतीला एक पूर्ण दिवस धरा. हे काम घरातल्या अशा माणसासोबत करा ज्याला दोन्ही भाषा येतात. एकट्याने केलंत तर जे ऐकू येत नाही तिथे मन प्रमाण शब्द भरून टाकतं. इंग्रजी उपशीर्षकंही मूळ बोलण्यावरून करा, मराठी उपशीर्षकांवरून नाही.

एका वेळी जास्तीत जास्त दोन ओळी, ओळीत ३५ च्या आसपास अक्षरं, एका सेकंदाहून कमी नाही आणि सहाहून जास्त नाही, दोन उपशीर्षकांत किमान दोन फ्रेमची मोकळी जागा. शॉट बदलतो त्याच्या पलीकडे उपशीर्षक रेंगाळू देऊ नका. डोळा नवा शॉट पाहून तीच ओळ पुन्हा वाचू लागतो.

देवनागरीची खास अडचण म्हणजे जोडाक्षरं तुटणं आणि ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या मागे जाणं. सॉफ्टवेअरचं मजकूर मांडणारं इंजिन भारतीय लिप्यांसाठी चालू नसलं की असं होतं. ‘प्रीमियर’ या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये त्याच्या प्रेफरन्समध्ये ‘साउथ एशियन’चा पर्याय निवडावा लागतो. सगळं टाइप करण्याआधी ‘स्त्री, कुऱ्हाड, ट्रॅक्टर, लक्ष्मी, विद्यार्थी’ एवढं लिहून, एक्स्पोर्ट करून, मोठ्या पडद्यावर पाहा. मजकूर युनिकोडमध्येच हवा, उपशीर्षकांची एसआरटी फाइल यूटीएफ-८ म्हणून जतन करा. डीटीपीच्या जुन्या फॉन्टमधला मजकूर तिथे चिन्हांचा कचरा होऊन येतो. ‘नोटो’ (Noto) किंवा ‘मुक्त’ (Mukta) हे मोफत फॉन्ट चांगले वाचता येतात.

बृहदीश्वर मंदिरात १८०३ चा मोठा मराठी शिलालेख आहे, भोसले घराण्याचा इतिहास सांगणारा. तो हवासा वाटेलच. मंदिर पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे, त्यामुळे ट्रायपॉड घेऊन शूट करायला लेखी परवानगी लागते. अर्जाला काही आठवडे हाताशी ठेवा. आजीला तिथे नेऊ शकलात तर शिलालेखाचा नुसता शॉट घेऊ नका, तिला वाचायला सांगा. अक्षरं देवनागरीच आहेत. तिला वाचता येतं की नाही, ती कुठे थांबते, तेच पाहायचं आहे.

प्रश्न : आमच्या वस्तीवर फिल्म करतो आहे. काकूने गावात जातीवरून मिळालेल्या वागणुकीबद्दल कॅमेऱ्यासमोर मोकळेपणाने सांगितलं, कागदावर सहीही केली. आता चुलतभाऊ म्हणतो, आम्हाला इथेच राहायचंय, ते काढ. संमती लेखी आहे, तर ठेवता येईल ना? (वाचक, लातूर जिल्हा)

कागद तुम्हाला कोर्टात उपयोगी पडेल. काकूला रेशन दुकानात, विहिरीवर, शेतमजुरीला जाताना तो उपयोगी पडणार नाही. त्यामुळे आधी काकूशी एकटीशी बोला, चुलतभाऊ आणि कॅमेरा दोन्ही नसताना. आक्षेप तिचा आहे की त्याचा, ते स्पष्ट होऊ द्या. पुष्कळदा बाईला बोलायचंच असतं आणि घरातला पुरुष तिच्या वतीने नाही म्हणत असतो. तिला स्वतःला नको असेल तर काढा. त्यावर वाद घालण्यासारखं काही नाही.

तिला हवं असेल, पण धोका खरा असेल, तर मधले मार्ग आहेत. ते नीट करा, कारण अर्धवट लपवणं हे उघड दाखवण्यापेक्षा घातक. चेहरा अंधूक केला तरी आवाज, गोंदण, घराची चौकट, मागचं देऊळ, मोटारसायकलचा नंबर, दुसऱ्याने मारलेली हाक, यावरून गाव एका मिनिटात ओळखतं. आवाजाचा स्वर नुसता वरखाली केला तर तो उलट फिरवता येतो. तेच शब्द दुसऱ्या बाईकडून बोलवून घेणं सुरक्षित. दुसरा मार्ग म्हणजे तिचं म्हणणं तिच्या एकटीच्या नावावर न राहू देणं : वस्तीतल्या पाच-सहा बायका एकत्र बसून बोलतात तेव्हा कुणा एकीला गाठणं अवघड जातं. फोनवर शूट करत असाल तर लोकेशनची नोंद बंद ठेवा, ती फाइलमध्ये लपून राहते.

पुढच्या शूटपासून संमती तीन वेळा घ्या. पहिली कॅमेऱ्याशिवाय : फिल्म कशाबद्दल आहे, कुठे दाखवणार, आणि त्यातला तीस सेकंदांचा तुकडा कुणी कापून व्हॉट्सॲपवर फिरवला तर काय होईल, हेसुद्धा बोला. दुसरी शूटच्या दिवशी, त्यांच्याच बोलीत, नाव आणि तारखेसह कॅमेऱ्यावर. शिवाय साध्या मराठीतला एक पानाचा कागद, त्याची एक प्रत त्यांच्याकडे. अंगठा असेल तर साक्षीदार तुमच्या टीममधला नको, आणि ज्याच्याकडे त्या माणसाचं काम किंवा कर्ज आहे असाही नको. तिसरी रफ कट (पहिलं कच्चं संकलन) दाखवून, फिल्म पक्की करण्याआधी. ही तिसरी पायरी गाळल्यामुळेच बहुतेक भांडणं होतात. माणसं स्वतःच्या वाक्याला सहसा घाबरत नाहीत. आपल्या वाक्याला लागून दुसऱ्या कुणाचं वाक्य किंवा कोणता चेहरा आला आहे, ते त्यांना पहिल्यांदा तिथे दिसतं. त्या वेळी ते काय मागू शकतात हे कागदात आधीच लिहा : स्वतःचा भाग काढणं, नाव बदलणं, चुकीची माहिती दुरुस्त करणं. दुसऱ्याचा भाग काढायचा अधिकार कुणालाही देऊ नका, नाहीतर सरपंचही तोच मागेल.

अत्याचार झालेलं मूल असेल तर प्रश्न संमतीचा राहतच नाही. पॉक्सो (बालकांवरील लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या) कायद्याचं कलम २३ आणि बाल न्याय कायद्याचं कलम ७४ यांनुसार नाव, चेहरा, शाळा, कुटुंब, ओळख पटेल असं काहीही प्रसिद्ध करता येत नाही. आईवडिलांनी हो म्हटलं तरीही.

प्रश्न : आम्ही बेने इस्राएल, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू. निम्मं घर ठाण्यात, निम्मं इस्राएलमधल्या दिमोनात. जुने अल्बम आहेत, १९८०-९० च्या व्हीएचएस कॅसेटी आहेत. तिकडच्या मावशांशी व्हिडिओ कॉलवर बोलून मुलाखती घेतल्या, पण चित्र फारच खराब येतं. (वाचक, ठाणे)

कॉलचं रेकॉर्डिंग वापरू नका. कॉल फक्त बोलण्यासाठी ठेवा, आणि त्याच वेळी तिकडच्या भाच्याला दुसऱ्या फोनने, खिडकीच्या उजेडात, स्टँडवर लावून मावशीचं शूट करायला सांगा. तिच्या कानात इअरफोन, म्हणजे तुमचा आवाज तिच्या माइकवर येत नाही. सुरुवातीला दोन्हीकडे टाळी वाजवा, म्हणजे नंतर फाइली जुळवता येतात. फाइल व्हॉट्सॲपने पाठवली तर ती दाबून छोटी होते, म्हणून ड्राइव्हवरून मागवा. इस्राएल आपल्यापेक्षा हिवाळ्यात साडेतीन तास आणि उन्हाळ्यात अडीच तास मागे असतं. शुक्रवार सूर्यास्तापासून शनिवारी रात्रीपर्यंत शब्बाथ, म्हणजे विश्रांतीचा पवित्र दिवस असतो, तेव्हा पुष्कळ घरांत कॅमेरा चालणार नाही. शब्बाथ दाखवायचा तर शुक्रवारी दुपारची तयारी शूट करा. मलिद्याचं (पोहे, नारळ आणि फळांच्या नैवेद्याचं) ताट मांडण्यापासून वाटण्यापर्यंत सलग घ्या, ठाण्यात आणि दिमोनात, एकाच उंचीवरून. पोहे कोणते मिळाले, ओल्या नारळाऐवजी काय घातलं, कोणती फळं बदलली, आणि प्रार्थनेत मध्येच कुणी मराठीत काय सूचना केली, हे दोन शॉट शेजारी ठेवल्यावर आपोआप दिसेल. त्यावर निवेदन लागणार नाही.

व्हीएचएस कॅसेटच्या खिडकीतून टॉर्चने पाहा. फितीच्या कडेला पांढरी पावडर दिसली तर ती बुरशी आहे, ठाण्याच्या दमट हवेत नेहमी येते. अशी कॅसेट व्हीसीआरमध्ये घालू नका. हेडवर बुरशी लागते आणि पुढच्या चांगल्या कॅसेटीही खराब होतात. ती साफ करून देणाऱ्याकडेच द्या. चांगली कॅसेट एकदा शेवटपर्यंत पुढे आणि परत मागे फिरवून मग कॅप्चर करा. डिजिटल करून देणाऱ्याला सांगा : पाल (PAL, आपल्याकडची व्हिडिओ पद्धत), ७२० बाय ५७६, इंटरलेस्ड तसंच ठेवा, डीव्ही किंवा त्याहून चांगल्या फॉरमॅटमध्ये द्या. डीव्हीची फाइल तासाला साधारण १३ जीबी होते. डीव्हीडी करून घेऊ नका, त्यात चित्र दाबलं जातं. आणि ४:३ चं चित्र ताणून रुंद पडद्यावर बसवू नका, माणसं रुंद दिसतात. दोन्ही बाजूंना काळी पट्टी राहू द्या.

फोटो ६०० डीपीआयवर टिफमध्ये स्कॅन करा, पासपोर्ट आकाराचे १२०० वर. मागची बाजूही स्कॅन करा, तिथे स्टुडिओचा शिक्का, तारीख, कधी कुणाला लिहिलेल्या दोन ओळी असतात. चिकट पानांच्या अल्बममधले फोटो ओढू नका, थर निघतो; पान तसंच ठेवून, दोन्ही बाजूंनी ४५ अंशांत दिवे लावून वरून कॅमेऱ्याने घ्या. हक्काबद्दल : पैसे देऊन काढून घेतलेल्या फोटोवर, वेगळा करार नसेल तर, पहिला हक्क काढून घेणाऱ्याचा असतो. म्हणजे लग्नाचे स्टुडिओ फोटो बहुधा तुमच्या घरच्यांचेच.

प्रश्न : साठ तास फूटेज झालंय. हार्ड डिस्क भरली, लॅपटॉप अडकतो. निवेदन कधी लिहावं? (वाचक, बडोदे)

फोर-के (4K) १०० मेगाबिटने शूट केलं तर तासाला ४५ जीबी होतात, म्हणजे साठ तासांचे २.७ टीबी. चार टीबीच्या दोन डिस्क घ्या, दोन्हींवर सगळं, दोन वेगळ्या घरांत. मुलाखती आणि लिप्यंतरं तिसरीकडे क्लाउडवर. लॅपटॉप अडकतो तो बहुधा एच.२६५ या फॉरमॅटमुळे, त्यासाठी प्रॉक्सी (फूटेजच्या हलक्या प्रती) बनवा. ‘रिझॉल्व्ह’ या संकलनाच्या सॉफ्टवेअरच्या मोफत आवृत्तीतही ती सोय आहे.

संकलन कागदावर सुरू करा. लिप्यंतरातून हवी ती वाक्यं वेळेसह कापून भिंतीवर लावा. फक्त बोलण्याची पहिली जोडणी दीड तासापर्यंत आली तरी घाबरू नका. मग त्यातलं प्रत्येक असं वाक्य काढा ज्यात कुणी ‘आम्ही कुठलेच नाही’ अशा अर्थाचं बोलतं आहे, आणि पाहा फिल्म उभी राहते का. राहत असेल तर ती वाक्यं परत घालू नका. पडत असेल तर त्या जागी दाखवण्यासारखं दृश्य शूटच झालेलं नाही. एक फेरी बाकी आहे असं समजा.

निवेदन सगळ्यांत शेवटी, आणि पडद्यावर दिसत नाही तेवढंच : साल, नातं, कोण वारलं, कोण आलं नाही. मिनिटाला शंभर-एकशेवीस शब्दांपेक्षा जास्त नको. स्वतःच्या आवाजात, बसून, गोधडीच्या आडोशाने ध्वनिमुद्रित करा.

प्रश्न : फिल्म तयार आहे. सेन्सॉर लागतं का? आधी यूट्यूबवर टाकू की महोत्सवांना पाठवू? गावात दाखवायची तर काय लागेल? (वाचक, रत्नागिरी)

सार्वजनिक प्रदर्शनाला प्रमाणपत्र लागतं. तिकीट नाही म्हणून सुटका होत नाही. अर्ज ई-सिनेप्रमाण पोर्टलवर, मुंबईच्या प्रादेशिक कार्यालयाकडे. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (पालकांच्या मार्गदर्शनाने पाहण्याच्या) प्रमाणपत्राचे ७, १३ आणि १६ वर्षांपुढचे असे तीन भाग झाले आहेत आणि प्रमाणपत्राला दहा वर्षांची मुदत राहिलेली नाही. महोत्सवांसाठी माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळू शकते, तो अर्ज आयोजक करतात.

यूट्यूबवर आधी टाकू नका. बरेच महोत्सव ऑनलाइन उपलब्ध फिल्म घेत नाहीत. माहितीपट आणि लघुपटांसाठी मुंबईचा आंतरराष्ट्रीय महोत्सव ‘मिफ’, जो १९९० पासून दर दोन वर्षांनी होतो, आणि केरळचा तिरुवनंतपुरमचा महोत्सव हे दोन आधी पाहा. प्रत्येकाची लांबीची आणि पूर्ण झाल्याच्या तारखेची अट असते, ती वाचूनच फी भरा. पासवर्ड लावलेली लिंक पाठवा आणि निकाल लागेपर्यंत पासवर्ड बदलू नका.

गावात दाखवताना अंधार पूर्ण पडल्यावरच सुरू करा. पडद्याची रुंदी दहा-बारा फूट असेल तर तीन हजार ल्युमेनचा प्रोजेक्टर पुरतो. पडदा पांढरा, ताणून बांधलेला, खाली वजन. समुद्राचा वारा चादरीचं शीड करतो. लॅपटॉपचे स्पीकर चालणार नाहीत, भजनी मंडळाचे किंवा शाळेचे स्पीकर पडद्याच्या दोन्ही बाजूंना ठेवा, मागे नाही. फाइल १०८० मध्ये, एच.२६४, पेनड्राइव्हवर नव्हे, लॅपटॉपवर कॉपी केलेली. दुपारी त्याच जोडणीवर सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकदा चालवा. वीज गेल्यास जनरेटर पडद्यापासून शंभर फूट लांब आणि वाऱ्याच्या खालच्या अंगाला ठेवा. फिल्ममध्ये जे आहेत त्यांना आदल्या दिवशी घरी दाखवा, नंतर गावाला.